टिना उडाल्या, मग विम्याचा क्लेम केला, त्याची सगळी हकीकत

क्लेमचे पैसे जमा झाले तेव्हापासून लेआउटमधले बरेच जण विचारून गेले, की कागद कोणते लागतात, कोणाला भेटायचं, आणि मुख्य म्हणजे खरंच पैसे देतात का. प्रत्येकाला फाटकाजवळ उभं राहून अर्धा अर्धा तास सांगण्यापेक्षा एकदा लिहूनच टाकते. थोडं लांबेल, पण सुरुवातीला मलाच कोणी असं सविस्तर सांगितलं असतं तर बरं झालं असतं असं सारखं वाटत होतं.

आमचं घर नागपुरात, मानेवाड्याकडे. खाली स्लॅब आणि वर दोन खोल्या टिनाच्या. टिनाच्या म्हणजे लोखंडी पाइपचा सांगाडा, त्यावर कलर कोटेड पत्रे, एका खोलीला आतून पीओपीचं सीलिंग, पंखे, टेबल, आलमारी, सगळं राहतं घर. होम लोन घेतलं तेव्हा बँकेने सोबत घराची पॉलिसी दिली होती, ती फाइलमध्ये तशीच पडून होती. नाव 'भारत गृह रक्षा'. १ एप्रिल २०२१ पासून सगळ्या जनरल इन्शुरन्स कंपन्यांना घरासाठी ही एक ठरावीक पॉलिसी ठेवावीच लागते, त्यामुळे कंपनी कोणतीही असली तरी मूळ अटी जवळपास सारख्या. आग, वीज पडणं, वादळ, पूर, भूकंप हे सगळं त्यात येतं.

२७ मेची संध्याकाळ. नवतपा, म्हणजे उन्हाळ्यातले सगळ्यात तापणारे नऊ दिवस, लागून दोनच दिवस झाले होते, दुपारभर अंगाची लाही लाही, आणि पाचच्या सुमारास आभाळ एकदम मातकट झालं. आपल्याला हे नवीन नाही, उन्हाळ्याच्या शेवटी अशी धूळ उठते, चार थेंब पडतात, लाइट जाते आणि संपतं. यावेळी संपलं नाही. मी वर दोरीवरचे कपडे काढून राहिली होती, पश्चिमेकडच्या कोपऱ्यातला पत्रा आधी थडथडायला लागला, मग वाकला आणि एका झटक्यात उलटा होऊन शेजारच्यांच्या आवारात. त्याच्यामागे बाकीचे. मी खाली पळाले, सासूबाईंना आतल्या खोलीत बसवलं आणि मेन स्विच बंद केला. पुढची वीस-पंचवीस मिनिटं वर काय काय पडतंय ते नुसतं ऐकत बसलो. पाण्याची हजार लिटरची टाकी घरंगळली तो आवाज मला अजून आठवतो. कोणाला लागलं नाही हे नशीब, शेजारच्या काकांची स्कूटर थोडक्यात वाचली.

आमचे हे चंद्रपूरला ड्युटीवर असतात, ते रात्री उशिरा पोचणार होते. फोनवर त्यांनी एकच सांगितलं, काही हलवू नको, आधी फोटो काढ. वायर लोंबत होत्या म्हणून १९१२ ला महावितरणकडे तक्रार नोंदवली आणि मग टॉर्च घेऊन वर गेले. फोटो काढताना मी आधी रस्त्यावरून पूर्ण घर, मग गच्चीचे चारही कोपरे, मग प्रत्येक पडलेली वस्तू असं घेतलं. मोबाइलमध्ये लोकेशन चालू ठेवा, तारीख आणि वेळ फोटोतच राहते. एक सलग व्हिडिओही काढा, फाटकाच्या नंबरपासून सुरू करून वरपर्यंत न थांबता, कारण सुटे फोटो कोणत्याही घराचे असू शकतात असं पुढे सर्व्हेअरनेच, म्हणजे नुकसान तपासायला येणाऱ्या माणसानेच, सांगितलं.

त्याच रात्री कंपनीच्या टोल फ्रीवर फोन लावला. बराच वेळ गाणं ऐकवल्यावर एक मुलगी बोलली, पॉलिसी नंबर, काय झालं, कधी झालं, अंदाजे नुकसान किती एवढंच विचारलं. आकडा विचारतात तेव्हा गोंधळायला होतं, मी म्हटलं 'अजून मोजलं नाही, लाख-दीड लाखाच्या आसपास असेल', त्यांना तेवढं चालतं. क्लेम नंबर मेसेजवर आला. फोन झाल्यावर तेच सगळं ईमेलवर पण पाठवलं, दोन-तीन फोटो जोडून. फोन केला हे सिद्ध करणं अवघड असतं, ईमेल मात्र तारखेसकट राहतो. पुढे सगळं मी असंच केलं, कोणी फोनवर काही सांगितलं की लगेच 'आपल्या बोलण्याप्रमाणे' अशी सुरुवात करून दोन ओळींचा ईमेल. मला वाटतं अर्धा क्लेम त्या ईमेलांनीच मिळवून दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला भंगारवाला हजर. वादळानंतर हे लोक गल्लोगल्ली फिरतात, 'ताई, टिना देऊन टाका, जागा मोकळी होते.' सासूबाई द्यायला तयारच होत्या. मी नाही म्हटलं, कारण सर्व्हेअर येईपर्यंत तुटलेलं सामान जागेवर असलंच पाहिजे. पण म्हणून उघड्यावर भिजू द्यायचं असंही नाही, नुकसान वाढू नये म्हणून जे शक्य असेल ते तुम्ही करायचं असतं आणि त्याचं बिल ठेवायचं. आम्ही जाड ताडपत्री आणली, ३,२०० रुपये, आणि सीलिंगचा जो भाग लटकत होता तो मिस्त्रीकडून उतरवून एका कोपऱ्यात ठेवला. उतरवायच्या आधी आणि नंतर फोटो.

२८ तारखेलाच सर्व्हेअर नेमल्याचा मेसेज आला. विमा नियामक, म्हणजे इर्डाई, त्यांच्या २०२४ च्या मास्टर सर्क्युलरप्रमाणे क्लेम कळवल्यापासून २४ तासांत सर्व्हेअर नेमायचा, त्याने १५ दिवसांत रिपोर्ट द्यायचा आणि रिपोर्टनंतर ७ दिवसांत कंपनीने निर्णय द्यायचा. नेमण्याचं काम वेळेत झालं, पण साहेबांचा फोन काही लागेना, त्या वादळात त्यांच्याकडे बरीच कामं आली असणार. ३० तारखेला दुपारी ते आले, ४४ डिग्रीच्या उन्हात, बिचारे घामाने निथळत. सर्व्हेअर हा कंपनीचा नोकर नसतो, त्याचं स्वतःचं लायसन्स असतं, हे मला आधी माहीत नव्हतं. माणूस सभ्य होता. टेपने मोजमाप घेतलं, शेड ४२० चौरस फूट, पत्र्याची जाडी गेजने बघितली, वाकलेले पाइप मोजले, पीओपीवर बोट फिरवून विचारलं, 'हे आधीपासून ओल होती का?' हा प्रश्न महत्त्वाचा आहे. वादळाने छत गेलं आणि त्यातून पाणी आलं तर ते मिळतं, वर्षानुवर्षं झिरपणारं पाणी आणि जुनाट झालेलं काम मिळत नाही. माझ्याकडे मागच्या दिवाळीचे त्याच खोलीतले फोटो होते, भाचीच्या वाढदिवसाचे, मागे सीलिंग पांढरं शुभ्र दिसतंय. ते दाखवले. तुमच्या मोबाइलमध्ये पण असे फोटो नक्की असतात, शोधा.

त्यांनी यादी दिली ती अशी: भरलेला क्लेम फॉर्म, पॉलिसीची प्रत, पॅन आणि आधार, रद्द केलेला चेक, महानगरपालिकेची टॅक्स पावती, इंडेक्स टू (घराच्या खरेदीच्या नोंदणीचा उतारा), दुरुस्तीचं एस्टिमेट, वादळ झाल्याचा पुरावा. वादळाचा पुरावा ऐकून मला हसूच आलं, अख्ख्या शहराने बघितलेलं वादळ सिद्ध काय करायचं. पण ते सोपं निघालं, २८ तारखेच्या पेपरची कात्रणं चालली, आमच्या भागाचं नाव बातमीत होतं. कोणाच्या भागाचं नाव पेपरात आलंच नसेल तर सोनेगावला हवामान खात्याचं प्रादेशिक केंद्र आहे, तिथे चौकशी करता येते. शिवाय मागच्या गल्लीत कवेलूची, म्हणजे कौलारू, घरं आहेत, तिथे तलाठी पंचनामा करून गेले होते, सरकारी मदतीसाठी. त्या मदतीचे आकडे ऐकून वाईट वाटतं, पक्क्या घराची अंशतः पडझड झाली तर ६,५०० आणि कच्च्याला ४,०००, तेही किमान पंधरा टक्के नुकसान असेल तर. आम्ही तिकडे अर्ज केला नाही, पण त्या गल्लीच्या पंचनाम्याची प्रत एका काकूंनी दिली ती पण फाइलला लावली.

मग दोन अडचणी निघाल्या. एक म्हणजे पॉलिसीवर आमचा प्लॉट नंबर उलटा छापला होता, ४५ चा ५४. आणि दुसरी जास्त गंभीर, साहेब म्हणाले की टॅक्स पावतीवर वरच्या खोल्यांचा स्पष्ट उल्लेख नाही, मग हे शेड विम्यात धरलं होतं कशावरून? इथे मला खरंच घाम फुटला. पॉलिसीचं पूर्ण वर्डिंग, म्हणजे सगळ्या अटी, रात्री बसून वाचलं, आपल्या नावाचं आणि रकमेचं शेड्युलचं एक पान नाही, पूर्ण वर्डिंग, कंपनीच्या वेबसाइटवर असतं. त्यात घराच्या इमारतीत फक्त भिंती आणि छत नाही तर त्याच आवारातलं गॅरेज, व्हरांडा, कंपाउंडची भिंत, फाटक, पाण्याची बसवलेली टाकी, सोलर पॅनल हे सगळं धरलेलं आहे. म्हणजे टाकीचा प्रश्न सुटला. पण खोल्यांसाठी कागद हवाच होता. तो बँकेत सापडला. लोन देताना बँक घराची किंमत ठरवायला स्वतःचा व्हॅल्युअर पाठवते, त्याच्या रिपोर्टमध्ये 'पहिल्या मजल्यावर टिनशेडच्या दोन खोल्या' असं लिहिलेलं आणि फोटो पण लावलेला, आणि विम्याची रक्कम काढताना वरच्या खोल्या धरूनच ९०० चौरस फूट कार्पेट एरिया घेतला होता. १,८०० रुपये फुटाने १६,२०,०००, तोच आकडा पॉलिसीवर. दोन्ही गोष्टी जुळल्या आणि साहेबांनी मान हलवली. प्लॉट नंबरसाठी बँकेने एका पत्रावर लिहून दिलं की ही टायपिंगची चूक आहे. त्या रिपोर्टची प्रत शाखेत अर्ज देऊन मागता येते, ज्यांचं लोन चालू आहे त्यांनी आजच मागून ठेवा.

एस्टिमेटचं सांगते. आमचे मिस्त्रीभाऊ कामाला पक्के पण कागदावर 'टिना आन् मजुरी १ लाख ३०' एवढंच लिहून देणारे. तसं चालत नाही. मी त्यांच्याजवळ बसून वेगवेगळं करून घेतलं: पत्रे, रिज आणि स्क्रू ५२,४००, पाइप आणि वेल्डिंग २३,६००, मजुरी १६,०००, पीओपी १९,५००, वायरिंग आणि पंखा ८,९००, टाकी आणि नळजोडणी ९,८००. एकूण १,३०,२००. पत्र्यांचं कोटेशन इतवारीतल्या लोहाओळीतून जीएसटी नंबरच्या लेटरहेडवर आणलं. मजुरीला जीएसटी बिल कुठून येणार, तिथे मिस्त्रीची सही असलेली पावती, रेव्हेन्यू स्टॅम्प लावून, सोबत त्यांच्या आधारची प्रत, एवढ्यावर काम भागलं. घरातल्या सामानाचं वेगळं. इमारतीचा विमा असला की विमा रकमेच्या वीस टक्के, जास्तीत जास्त १० लाख, एवढं सामान आपोआप धरलेलं असतं, त्यासाठी वेगळी यादी आधी द्यावी लागत नाही. भिजलेली गादी, मॉनिटर, यूपीएस, वाकलेला कुलर असे मिळून २४,५०० मागितले.

आता पावसाची घाई. आपल्याकडे जूनच्या मध्यावर पाऊस लागतो, आणि रिपोर्ट यायच्या आधी काम सुरू केलं तर क्लेम जाईल अशी भीती सगळ्यांनीच घातली होती. मी सर्व्हेअरना ईमेल केला की पाऊस तोंडावर आहे, तुमची पाहणी झाली आहे, काम सुरू करू का. त्यांचं एका ओळीचं उत्तर आलं, करा, बिलं आणि कामाचे फोटो ठेवा, जुनं भंगार वजन करून मला पावती पाठवा. ते उत्तर हातात आल्यावरच ६ जूनला काम सुरू केलं. जुने पत्रे आणि पाइप काट्यावर २१० किलो भरले, २६ रुपयांनी ५,४६०. हे पैसे तुम्हाला भंगारवाल्याकडून मिळतात आणि क्लेममधून तेवढेच वजा होतात, त्याला सॅल्व्हेज म्हणतात, म्हणून वादळाच्या दुसऱ्या दिवशी घाईत विकण्यात काही फायदा नाही.

काम चालू असताना मिस्त्रीभाऊ म्हणाले, 'ताई, टिना वरून नाई उडत, खालून उडते.' वारा खालून शिरतो आणि वरून ओढतो, सगळ्यात जास्त जोर कडेला आणि कोपऱ्यात, आणि आमच्या पत्र्यांची कड भिंतीच्या दीड फूट बाहेर होती, हातात छत्री उलटी होते तसं झालं. यावेळी कड कमी केली, कडेच्या ओळीत स्क्रू दाट घेतले, रबरी वॉशर तपासून लावले आणि पत्रा आधीपेक्षा जाड घेतला. १२ जूनला छत झालं, पीओपी सावकाश नंतर. त्याच दरम्यान एका अनोळखी माणसाचा फोन आला, 'क्लेम सेटल करून देतो, दहा टक्के द्या.' माझा नंबर त्याला कुठून मिळाला देव जाणे. ठेवून दिला फोन.

बिलं १६ जूनला पाठवली. मग शांतता. २४ तारखेला मी ईमेल केला, सर्क्युलरमधल्या पंधरा आणि सात दिवसांचा उल्लेख करून, भांडण नाही, फक्त विचारणा. २७ ला असेसमेंट, म्हणजे किती नुकसान धरलं त्याचा हिशोब, आलं. त्यात पत्र्यांवर वीस टक्के घसारा, म्हणजे वस्तू जुनी झाल्याची कपात, कापला होता, १०,४८०. शिवाय जाड पत्र्याचे जास्तीचे ६,२०० वजा, याला बेटरमेंट म्हणतात, आधी होतं त्यापेक्षा चांगलं केलं तर फरक तुमचा. दुसरं मला पटलं. पहिल्याबद्दल लिहिलं की घसारा पॉलिसीच्या कोणत्या क्लॉजप्रमाणे लावला ते कृपया लेखी कळवावं. सर्व्हेअर फोनवर म्हणाले, मॅडम, असंच असतं. मी म्हटलं ठीक आहे, हेच ईमेलवर पाठवा. आठवडाभर काही नाही, मी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला प्रत टाकून आठवण दिली, आणि ८ जुलैला सुधारित आकडा आला, घसारा गेला, बेटरमेंट राहिलं. कंपनीत दाद लागली नसती तर पुढे इर्डाईचं बीमा भरोसा पोर्टल आहे, १५५२५५ हा नंबर आहे, आणि त्याच्याही पुढे विमा लोकपाल, आपल्या नागपूरसाठी ते पुण्याला बसतात. तिथवर जावं लागलं नाही.

मंजूर झालं ते असं. इमारतीचे १,३०,२०० मधून बेटरमेंट आणि सॅल्व्हेज जाऊन १,१८,५४०. मलबा उचलायला ट्रॅक्टर लावला होता २,५०० चा, त्यात क्लेमच्या दोन टक्क्यांपर्यंतच मिळतं म्हणून २,३७०. सामानाचे १७,०००, कुलरचं बिल नव्हतं म्हणून तो गेला. एकूण १,३७,९१०. आमच्या शेड्युलमध्ये एक्सेस, म्हणजे प्रत्येक क्लेममध्ये आपण सोसायची ठरलेली रक्कम, नव्हता, तुमच्यात असू शकतो, बघून घ्या. ताडपत्रीचे पैसे मिळाले नाहीत, मी पण ताणलं नाही.

वाटलं झालं. पण सहमतीच्या फॉर्मवर सही करताना लक्षात आलं की पैसे आमच्या खात्यात नाही, बँकेच्या लोन खात्यात जाणार. पॉलिसीवर बँकेचं नाव असलं की अ‍ॅग्रीड बँक क्लॉज लागतो, इमारतीच्या क्लेमवर पहिला हक्क बँकेचा. आम्ही तर दुरुस्ती भावाकडून उसने घेऊन केली होती. पैसे आम्हाला द्यायला हरकत नाही असं बँकेचं पत्र, म्हणजे एनओसी, हवं होतं. शाखेत गेले तर ते म्हणाले एनओसी लोन सेंटरमधून मिळेल, लोन सेंटरवाले म्हणाले शाखेकडून पत्र आणा, शाखेतले साहेब सुट्टीवर. संपूर्ण क्लेममध्ये मला रडू आलं असेल तर ते या टेबलावरून त्या टेबलावर जाताना, वादळात नाही. शेवटी एका क्लार्क ताईंनी युक्ती सांगितली: नुसती एनओसी मागू नका, दुरुस्ती पूर्ण झाल्याचे फोटो, भरलेली बिलं आणि हप्ते थकले नसल्याचं स्टेटमेंट अर्जासोबत जोडा, म्हणजे साहेबांना सही करायला कारण मिळतं. तसं दिलं आणि २५ जुलैला पत्र हातात आलं. हा अर्ज क्लेम केल्याच्या आठवड्यातच देऊन ठेवला तरी चालतो असं त्यांनीच सांगितलं, म्हणून तुम्ही तिथूनच सुरुवात करा. सामानाचे पैसे मात्र थेट आपल्यालाच येतात.

३१ जुलैला दोन्ही रकमा जमा झाल्या, त्याच संध्याकाळी भावाला पाठवून दिल्या. जाड पत्रा, ताडपत्री, कुलर आणि किरकोळ धरून वीसेक हजार आमच्या खिशातून गेले. प्लॉट नंबरची दुरुस्ती पॉलिसीवर करून मागितली होती, तो कागदही ऑगस्टमध्ये आला, त्यावर ४५ बरोबर छापलाय, आता त्याची एक प्रत घराच्या फाइलला आणि एक बँकेत देऊन आले, पोचपावती घेऊन.